विश्लेषण : आठशे वर्षांपूर्वीचे गाणे आज ऐकता येते का? जुनी गायकी जिवंत कशी करतात?

२०२३ च्या प्रजासत्ताक दिनाच्या पूर्वसंध्येला पद्म पुरस्कारांची यादी जाहीर झाली. गडचिरोली जिल्ह्यात तेव्हा चर्चा होती एकाच नावाची : झाडीपट्टी रंगभूमीचे ज्येष्ठ कलावंत परशुराम खुणे. त्याच यादीत, त्याच पद्मश्रीसाठी आणि त्याच कला विभागात आणखी एक नाव होते : ऋत्विक सान्याल. पुरस्काराच्या यादीत ते उत्तर प्रदेशचे असले तरी मुंबईत वाढलेले, तिथेच ध्रुपद शिकलेले आणि पुढे बनारस हिंदू विद्यापीठात प्राध्यापक झालेले हे गायक. इकडे त्यांचे नाव फारसे कोणी घेतले नाही. पण ज्या प्रश्नावर सान्याल यांनी आयुष्य घालवले, तो चामोर्शीपासून फार दूरचा नाही. शेकडो वर्षांपूर्वीचे गाणे आज कुणाला गाता येते का? येत असेल, तर ते खरेच जुने आहे हे कशावरून ठरवायचे?

मार्कंड्याच्या देवळात कोणते गाणे होत असेल?

चामोर्शी तालुक्यात वैनगंगेच्या काठी मार्कंडादेव येथे दगडी मंदिरांचा समूह आहे. त्याचा काळ साधारण नववे ते बारावे शतक असा मानला जातो. अलेक्झांडर कनिंगहॅम यांनी १८७० च्या दशकात इथे येऊन या मंदिरांची नोंद घेतली. 'विदर्भाचे खजुराहो' ही ओळख पुढे रुळली. महाशिवरात्रीला इथे मोठी यात्रा भरते.

देवळाच्या भिंतींवर देवदेवता आणि अप्सरा आहेत. त्यांचे दागिने, केशरचना, उभे राहण्याची ढब आजही मोजून-मापून सांगता येते. पण ही मंदिरे नवी होती तेव्हा त्यांच्या मंडपात लोक काय गात होते, कोणत्या चालीत गात होते, हे कोणताही दगड सांगत नाही. मूर्ती टिकते, आवाज विरतो. जुन्या संगीताच्या अभ्यासाची सगळी अडचण या एका फरकात आहे.

दगडी देवळाचा जीर्णोद्धार करताना दगड उतरवण्यापूर्वी प्रत्येकावर क्रमांक टाकतात, नकाशा काढतात आणि मग तोच दगड त्याच जागी बसवतात. एखादा दगड सापडला नाही, तर तिथे नवा बसवतात. जाणकाराला तो नवा आहे हे ओळखू येते. गाण्याचा जीर्णोद्धार करतानाही हेच करावे लागते. फरक एवढाच की इथे बहुतेक दगड गायब असतात आणि नवा कोणता, जुना कोणता हे ऐकणाऱ्याला कळत नाही. ते गाणाऱ्यानेच प्रामाणिकपणे सांगावे लागते.

'मध्ययुगीन गाणे' म्हणजे नेमके कोणते?

महाराष्ट्रापुरते बोलायचे तर दोन ग्रंथ महत्त्वाचे. पहिला 'मानसोल्लास'. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याने तो साधारण ११२९ ते ११३१ या काळात रचला. कल्याणी म्हणजे आजचे कर्नाटकातील बसवकल्याण. राज्यकारभारापासून स्वयंपाकापर्यंत अनेक विषय असलेल्या या ग्रंथात गाण्यावरही मजकूर आहे. त्यात महाराष्ट्रातील स्त्रिया कांडण करताना ओवी गातात, अशी स्पष्ट नोंद आहे. मार्कंड्याची मंदिरे उभी राहिली, साधारण त्याच काळाच्या शेवटाची ही नोंद.

दुसरा ग्रंथ 'संगीतरत्नाकर'. देवगिरीचा, म्हणजे आजच्या दौलताबादचा, यादव राजा सिंघण याच्या पदरी शार्ङ्गदेव नावाचा अधिकारी होता. सिंघणाची कारकीर्द १२१० ते १२४७. शार्ङ्गदेवाचे आजोबा काश्मीरहून दक्षिणेत आलेले. त्याचे स्वतःचे काम सरकारी हिशेबाचे, पण नाव राहिले ते या संगीतग्रंथामुळे. स्वर, राग, गायक-वादकांसंबंधी संकीर्ण विषय, प्रबंध, ताल, वाद्य आणि नृत्य असे त्याचे सात अध्याय आहेत. त्यात २६४ रागांची गणना आहे. हिंदुस्थानी आणि कर्नाटक, दोन्ही संगीत परंपरा या ग्रंथाला आपला मानतात.

त्या काळी बांधीव गाण्याला 'प्रबंध' म्हणत. प्रबंधाचे भाग ठरलेले होते : उद्ग्राह म्हणजे सुरुवात, मेलापक म्हणजे जोड, ध्रुव म्हणजे न बदलणारा, पुन्हा पुन्हा येणारा भाग आणि आभोग म्हणजे शेवट. गाण्यात काय काय असू शकते, याचीही सहा अंगे सांगितलेली आहेत : स्वर, बिरुद, पद, तेनक, पाट आणि ताल. सोप्या भाषेत सांगायचे तर सरगम, स्तुतीचे शब्द, अर्थाचे शब्द, 'तेन' यासारखी मंगल अक्षरे, वाद्यांचे बोल आणि लय.

ग्रंथ आहे, स्वरही लिहिलेले आहेत. मग अडते कुठे?

शार्ङ्गदेवाने अनेक रागांचे नमुने स्वरांच्या अक्षरांत लिहून ठेवले आहेत. मग ते वाचून गायचे, एवढेच बाकी राहते, असे वाटू शकते. तसे होत नाही.

मोबाइलवर कधी कधी एखादी फाइल येते. तिचा आकार दिसतो, नाव दिसते, पण ती उघडणारे ॲप फोनमध्ये नसते. 'रत्नाकरा'चे तसेच आहे. फाइल शाबूत आहे, ती उघडण्याची रीत हरवली आहे.

पहिली अडचण स्वरांची. आज षड्ज एका जागी पक्का धरून बाकीचे स्वर त्याच्याशी जुळवतात. 'रत्नाकरा'तील पद्धत ग्राम आणि मूर्च्छना यांवर उभी आहे. सप्तकात २२ श्रुती मानून त्यांवर स्वर मांडलेले आहेत. त्या मांडणीतला 'शुद्ध' स्वर म्हणजे आजचा नेमका कोणता स्वर, यावर अभ्यासकांनी पिढ्यान् पिढ्या वाद घातला आहे.

दुसरी अडचण साथीची. आज तंबोऱ्याशिवाय शास्त्रीय गायन सुचतही नाही. पण 'रत्नाकरा'त आजच्या अर्थाने तंबोरा नाही. एकतंत्री, किन्नरी अशा वीणा आहेत. म्हणजे प्रबंध गायला बसताना तंबोरा जुळवला, की त्याच क्षणी काही शतके नंतरची गोष्ट गाण्यात शिरली.

तिसरी अडचण सर्वांत मोठी. आवाज कसा लावायचा, दोन स्वरांमधून कसे जायचे, कुठे थांबायचे, कुठे श्वास घ्यायचा, हे कुठल्याच लिपीत पुरते लिहिता येत नाही. आजच्या गाण्याचेही नाही. भीमसेन जोशी यांच्या एखाद्या तानेची सरगम लिहून काढली, तर तिच्यावरून त्यांचा आवाज कुणाला ऐकू येणार नाही.

भातखंडे यांनी या प्रश्नाचे काय केले?

या प्रश्नाला आधुनिक काळात पद्धतशीर हात घातला तो एका मराठी वकिलाने. विष्णु नारायण भातखंडे यांचा जन्म १० ऑगस्ट १८६० रोजी मुंबईत वाळकेश्वर येथे झाला. कायद्याची पदवी घेतली, काही काळ वकिली केली. त्याच काळात मुंबईच्या 'गायन उत्तेजक मंडळी'त जाऊन ते गाणे शिकत होते. रावजीबुवा बेलबागकर यांच्याकडून त्यांनी सुमारे ३०० ध्रुपदे घेतली. म्हणजे ग्रंथ उघडण्याआधी गळ्यात गाणे होते.

पुढे वकिली मागे पडली आणि प्रवास सुरू झाला. १९०४ मध्ये दक्षिण भारत, १९०७ मध्ये नागपूरमार्गे पूर्व भारत, १९०८ मध्ये उत्तर भारत. जिथे जातील तिथे गायकांना भेटायचे, संस्थानांच्या ग्रंथालयांतील हस्तलिखिते पाहायची, उतरवून घ्यायची. जुने संस्कृत संगीतग्रंथ छापून लोकांपुढे आणण्याचे कामही त्यांनी केले.

इतके करून 'रत्नाकरा'बद्दल त्यांचा निष्कर्ष धक्कादायक होता. ग्रंथातले मूळ सप्तक निश्चित कळत नाही, तोवर त्यातील राग गाण्याचा दावा कुणी करू नये, अशा मताला ते आले. ज्या ग्रंथाचा अभिमान सगळे सांगत होते, तो आपल्याला गाता येत नाही, असे उघड म्हणायला त्या काळी धैर्य लागत होते.

म्हणून त्यांनी वाट बदलली. जे गाणे अजून गळ्यांत जिवंत आहे, ते आधी कागदावर आणायचे. 'हिंदुस्थानी संगीत पद्धती' हा मोठा ग्रंथ त्यांनी मराठीत चार भागांत लिहिला. 'क्रमिक पुस्तक मालिके'च्या सहा भागांत अठराशेच्या आसपास बंदिशी स्वरलिपीसह छापल्या. त्यात ध्रुपद-धमार मोठ्या संख्येने आहेत. घराण्यांनी जपलेल्या आणि सहसा बाहेर न दिलेल्या चिजा यामुळे कुठल्याही विद्यार्थ्याला मिळू लागल्या. १९३६ मध्ये भातखंडे गेले, पण गाण्याचा अभ्यास करायचा तर ग्रंथ आणि गळा दोन्ही लागतात, ही त्यांची रीत मागे राहिली.

ध्रुपद इथे कसे येते?

प्रबंध जसाच्या तसा कुणी गात राहिले नाही. पण त्याचा वंश संपला नाही. 'ध्रुपद' हा शब्दच 'ध्रुवपद' यावरून आला आहे. प्रबंधातला जो ध्रुव भाग, त्याची आठवण नावात राहिली. ध्रुपदाचे चार भाग म्हणजे स्थायी, अंतरा, संचारी आणि आभोग. यातला 'आभोग' थेट प्रबंधातून आलेला शब्द आहे. ध्रुपद गायक सुरुवातीला शब्दांशिवाय 'री, रे, ना, नोम्, तोम्' अशा अक्षरांवर दीर्घ आलाप करतात. प्रबंधातील 'तेनक' या अंगाशी या अक्षरांचे नाते अभ्यासक जोडतात.

ध्रुपदाला दरबारी प्रतिष्ठा मिळाली ती ग्वाल्हेरचा राजा मानसिंग तोमर याच्या काळात. त्याची कारकीर्द १४८६ ते १५१६. पुढे तानसेनच्या रूपाने ते अकबराच्या दरबारात पोहोचले. अठराव्या शतकापासून ख्याल पुढे आला आणि ध्रुपद हळूहळू मागे पडले. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत ते मोजक्या घराण्यांत उरले. त्यात डागर घराणे प्रमुख.

इथे महाराष्ट्राचा संबंध येतो. रुद्रवीणावादक उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर (१९२९-१९९०) मुंबईत स्थायिक झाले. पनवेलजवळ पळस्पे येथे त्यांनी गुरुकुल उभारले. त्यांचे धाकटे बंधू, गायक उस्ताद झिया फरिदुद्दीन डागर (१९३२-२०१३) यांनी भोपाळच्या ध्रुपद केंद्रात आणि पळस्पेला अनेक शिष्य घडवले. पुण्यात राहणारे उदय भवाळकर हे त्यांच्यातलेच एक. आज देशविदेशांत ध्रुपद गाणाऱ्या कित्येकांची गुरुपरंपरा या दोन भावांपाशी जाऊन पोहोचते.

ऋत्विक सान्याल यांचे काम वेगळे कसे?

सान्याल यांचा जन्म १९५३ चा. मुंबईत वाढत असताना ते याच डागर बंधूंकडे शिकले. त्याच शहराच्या विद्यापीठातून तत्त्वज्ञानात एम. ए. केले. मग ते बनारसला गेले आणि संगीतशास्त्रात पीएच. डी. केली. तिथे त्यांना मार्गदर्शन लाभले प्रेमलता शर्मा यांचे.

शर्मा यांच्याविषयी इथे थोडे सांगायला हवे. त्या संस्कृतच्या पंडिता होत्याच, पण पं. ओंकारनाथ ठाकूर यांच्याकडे गाणेही शिकलेल्या होत्या. आर. के. शृंगी यांच्यासह त्यांनी 'संगीतरत्नाकरा'चे इंग्रजी भाषांतर केले. छत्तीसगडमधील खैरागढच्या संगीत विद्यापीठाच्या त्या कुलगुरूही होत्या. जुन्या ग्रंथातले वाक्य केवळ व्याकरणाने सुटत नाही, ते गाऊनही पाहावे लागते, ही त्यांच्या कामाची दिशा होती.

सान्याल यांच्या वाट्याला अशा दोन्ही शाळा आल्या. एकीकडे डागरांची तालीम. यात वही-पुस्तक नाही. गुरू एक स्वर लावतो, शिष्य तो लावतो, जमेपर्यंत लावतो. दुसरीकडे शर्मा यांची शिस्त. यात प्रत्येक विधानाला ग्रंथाचा आधार मागितला जातो. एक शाळा सांगते, 'असेच गात आले आहेत.' दुसरी विचारते, 'कधीपासून?'

२००४ मध्ये सान्याल आणि ब्रिटिश संगीतशास्त्रज्ञ रिचर्ड विडेस यांनी मिळून ध्रुपदाच्या परंपरेवर आणि सादरीकरणावर इंग्रजी ग्रंथ लिहिला. या विषयावरच्या महत्त्वाच्या पुस्तकांत तो गणला जातो. एक लेखक आतला, म्हणजे गाणारा. दुसरा बाहेरून मोजणारा. आलाप कसा वाढतो, बंदिशीत काय बदलते आणि काय टिकते, घराण्याच्या सांगण्यात इतिहास किती आणि श्रद्धा किती, हे सगळे त्यांनी उलगडून पाहिले.

सान्याल यांनी स्वतः नवी ध्रुपदेही रचली. जुने जपणाऱ्याने नवे कशाला करायचे, असे कुणी विचारेल. पण शार्ङ्गदेवाच्या काळात गायकाकडून रचनाही अपेक्षित होती. शब्द आणि स्वर दोन्ही स्वतः बांधणाऱ्याला 'वाग्गेयकार' म्हणत आणि 'रत्नाकरा'त त्याला मोठा मान आहे. फक्त जुन्या चिजा पाठ म्हणणे म्हणजे त्या परंपरेचा अर्धाच भाग जपणे.

जगात हे काम कुठे कुठे चालते?

जर्मनीतील बिंगेनची हिल्डेगार्ड ही जोगीण १०९८ ते ११७९ या काळातली, म्हणजे सोमेश्वराची समकालीन. तिने मठातील प्रार्थनेसाठी गाणी रचली. त्यांची हस्तलिखिते आजही आहेत. त्यांवर खुणांची स्वरलिपी आहे. त्यातून स्वर कळतात, लय कळत नाही. 'सेक्वेंशिया' हा गायकांचा गट १९७७ मध्ये बेंजामिन बॅगबी आणि बार्बरा थॉर्नटन यांनी स्थापन केला आणि हिल्डेगार्डची सगळी गाणी ध्वनिमुद्रित करण्याचे दीर्घ काम हाती घेतले. थॉर्नटन १९९८ मध्ये वारल्या. उरलेले काम बॅगबी यांनी पुरे केले. युरोपात गुरुमुखातून आलेली साखळी तुटलेली होती, कागद मात्र भरपूर होता.

नेपाळमध्ये काठमांडू खोऱ्यातील नेवार बौद्ध पुजारी 'चचा' नावाची गाणी पूजाविधीत गातात. 'चचा' हे 'चर्या' या शब्दाचे रूप. 'रत्नाकरा'त 'चर्या' हा गीतप्रकार नोंदलेला आहे. विडेस यांनी या दोहोंचा अभ्यास केला आहे. तिथे गळा टिकला, कारण विधी टिकला.

तमिळनाडूत पुदुकोट्टई जिल्ह्यात कुडुमियामलै येथे कातळावर चक्क स्वर कोरलेले आहेत. साधारण सातव्या-आठव्या शतकातला हा लेख. म्हणजे गाणे दगडावरही उतरले होते. पण ते गाणारी परंपरा शिल्लक नसल्याने अभ्यासक आजही त्याचा अर्थ लावत आहेत.

या तिन्ही उदाहरणांतून एकच गोष्ट दिसते. कागद असेल पण गळा नसेल, तर अंदाज करावा लागतो. गळा असेल पण कागद नसेल, तर वय सांगता येत नाही. दोन्ही असतील आणि दोन्ही जाणणारा माणूस असेल, तरच काही ठामपणे म्हणता येते.

पुनरुज्जीवन की कल्पनाशक्ती? कसे ओळखायचे?

'हजारो वर्षे जुने संगीत' अशी जाहिरात असलेले कार्यक्रम आणि व्हिडीओ आता सतत समोर येतात. ऐकणाऱ्याने तीन प्रश्न विचारावेत.

पहिला : यातले काय जुने आहे? शब्द, चाल, ताल, वाद्य की फक्त नाव? बाराव्या शतकातला मजकूर कालपरवा बांधलेल्या चालीत गायला, तर तो नवा प्रयोग आहे. त्यात वाईट काही नाही, पण ती जुनी गायकी नव्हे.

दुसरा : हे कुठून आले? हस्तलिखितातून, गुरूकडून की स्वतःच्या कल्पनेतून? प्रामाणिक कलावंत हे सांगतो.

तिसरा : रिकाम्या जागा कशाने भरल्या? कुठल्याही जुन्या गाण्यात रिकाम्या जागा असतातच. त्या भरल्याशिवाय गाता येत नाही. भरल्या हे लपवणे, ही खरी चूक.

या कसोटीवर ध्रुपदही तपासावे लागते. शब्द आणि रचनेचा साचा शेकडो वर्षांचा आहे, याला पुरावा आहे. पण आज मैफलीत ऐकू येणारा तासभराचा आलाप तानसेनच्या काळी याच रूपात होता, असे म्हणायला तेवढा भक्कम आधार नाही. परंपरा जिवंत असते म्हणजे ती बदलत असते.

चामोर्शीचा यात काय संबंध?

आता पुन्हा 'मानसोल्लासा'कडे. त्यात ओवीचा संबंध दळण्याशी नाही, कांडण्याशी जोडलेला आहे. जात्यावरची ओवी सगळ्यांना माहीत आहे. पण धानाच्या मुलखात, उखळ-मुसळ ज्या घरांत कालपरवापर्यंत होते तिथे, कांडण म्हणजे काय हे समजावून सांगावे लागत नाही. गडचिरोली-चंद्रपूरचा पट्टा हा धानाचाच मुलूख.

'संगीतरत्नाकरा'तही ओवी आहे. देशी भाषेत गायचे, तीन यमकबद्ध भाग आणि शेवटी 'ओवी' हा शब्द, अशा आशयाचे तिचे लक्षण शार्ङ्गदेव देतो. १२९० मधल्या ज्ञानेश्वरीच्या ओवीतही तीन चरणांना यमक आणि चौथा आखूड चरण असा साचा आहे. राजदरबारातल्या २६४ रागांचे काय झाले, हे पंडित शोधत राहिले. बायकांची ओवी मात्र घराघरांत चालू राहिली.

'धवल' हाही 'रत्नाकरा'तला एक गीतप्रकार, मंगलप्रसंगी गायचा. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरला महानुभाव पंथातील महदंबेने धवळे रचले. आद्य मराठी कवयित्री म्हणून तिचे नाव घेतले जाते ते या लग्नगीतांमुळे. म्हणजे विदर्भाच्या मातीतली दोन गाणी, ओवी आणि धवळा, देवगिरीच्या ग्रंथात नोंदलेली आहेत.

फरक इतकाच की ध्रुपदाला गुरुकुल मिळाले, विद्यापीठ मिळाले, पद्मश्री मिळाली. ओवीला गिरणी मिळाली. गावात पिठाची चक्की आणि धानाची मिल आली, बायकांचे कष्ट वाचले, हे चांगलेच झाले. पण ओवी कामाच्या लयीवर चालत होती. काम थांबले तशी ती थांबली.

तिचे मोठे संकलन झाले ते हेमा राईरकर आणि गी प्वातवाँ या दोन अभ्यासकांच्या पुढाकाराने. गावोगावच्या बायकांकडून त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या. संगणक आणि संगीत दोन्ही जाणणारे बर्नार्ड बेल यांनी १९९० च्या दशकात त्यातल्या अनेक ध्वनिमुद्रित केल्या. २०१७ पासून ग्रामीण भारताची नोंद ठेवणाऱ्या 'पारी' या संकेतस्थळावर त्या ऐकायला मिळू लागल्या. मात्र यातला मोठा वाटा पश्चिम महाराष्ट्र आणि मराठवाड्यातला आहे. झाडीबोलीतल्या ओवीचा, धान रोवणीच्या गाण्यांचा, गोंडी रेला गीतांचा, चामोर्शी-मुलचेराकडच्या बंगाली वस्त्यांतल्या कीर्तनाचा असा लाखमोलाचा साठा अजून उभा राहायचा आहे.

मग आता काय करता येईल?

भातखंडे यांना एका चिजेसाठी उस्तादांची मनधरणी करावी लागे. आज ध्वनिमुद्रण यंत्र प्रत्येकाच्या खिशात आहे. घरात किंवा शेजारी जुनी गाणी येणारी आजी असेल, तर पुढील गोष्टी पाळल्या तरी पुरे.

- आधी परवानगी घ्या. हे कशासाठी करतो, कुणाला ऐकवणार, हे सांगा. नको म्हणाली तर नको.
- पंखा, टीव्ही बंद करा. फोन विमान मोडवर टाका आणि तिच्यापासून हातभर अंतरावर कापडावर ठेवा. व्हॉट्सॲपच्या व्हॉइस मेसेजऐवजी फोनमधले रेकॉर्डर वापरा. आवाज जास्त स्वच्छ येतो.
- सुरुवातीला गाव, तारीख, गाणारीचे नाव आणि अंदाजे वय बोलून घ्या. गाणे कुणाकडून शिकली, कोणत्या कामाच्या किंवा सणाच्या वेळी गायचे, हे तिच्याच तोंडून येऊ द्या.
- शक्य असेल तर ते काम करतानाच गाऊ द्या. हातात मुसळ किंवा सूप आले की विसरलेले कडवे आठवते.
- मधे टोकू नका. चूक वाटली तरी दुरुस्त करू नका. हार्मोनियमची साथ देऊ नका. पेटीच्या पट्टीत बसवायला गेले की तिचे मूळ स्वर हरवतात.
- न कळलेल्या शब्दांचा अर्थ नंतर विचारा आणि तोही ध्वनिमुद्रित करा.
- मूळ फाइल कापू नका. दोन वेगळ्या ठिकाणी तिची प्रत ठेवा.

हे केल्याने कुणी शार्ङ्गदेव होणार नाही. पण शंभर वर्षांनी एखादा अभ्यासक झाडीपट्टीत बायका धान कांडताना काय गात होत्या, असे विचारेल, तेव्हा त्याला फक्त 'गात होत्या' एवढ्या उत्तरावर थांबावे लागणार नाही. सोमेश्वराला ते गाणे नोंदवता आले, ऐकवता आले नाही. आजच्या वाचकाला दोन्ही जमेल. गाणारी आजी आहे तोवर.